विक्का : माझ्या शेजारणीला मराठीत काय म्हणायचं?

कृत्तिका२७
३१ ऑक्टोबरच्या संध्याकाळी आईचा फोन आला, तेव्हा मी शेजारच्या बाईंच्या परसात जायच्या तयारीत होते. हातात थालीपीठाचा डबा. "कुठे निघालीस एवढ्या थंडीत?" म्हणून विचारलं. सांगितलं की शेजारीण विक्का नावाचा धर्म मानते, आज त्यांचा सण आहे, तिने बोलावलंय. आई क्षणभर गप्प. मग म्हणाली, "म्हणजे चेटकीण आहे का ती?"

मला उत्तर देता आलं नाही. शेजारीण स्वतःला इंग्रजीत अभिमानाने 'विच' म्हणवते. पण 'हो, चेटकीण आहे' असं मराठीत म्हणायला जीभ वळेना. पंधरा दिवस तेच डोक्यात आहे, म्हणून हा धागा.

आधी थोडी पार्श्वभूमी. मी इंग्लंडात डॉर्सेटमध्ये क्राइस्टचर्चजवळ सहा वर्षं राहते. गाडीने दहा मिनिटांवर हायक्लिफ हे समुद्रकाठचं गाव आहे. विक्काचा उगम सांगताना या गावाचं नाव येतंच. जेराल्ड गार्डनर नावाचे गृहस्थ १९३८ साली तिथे राहायला आले. जन्म १८८४चा. सोळाव्या वर्षापासून आयुष्य सिलोनमधल्या चहामळ्यांत, मग बोर्निओत आणि मलायात गेलेलं. मलायात ते कस्टम्सच्या नोकरीत होते आणि तिथल्या क्रिस नावाच्या नागमोडी खंजिरांचा त्यांनी इतका अभ्यास केला की १९३६ साली त्यावर पुस्तक लिहिलं. निवृत्त होऊन इंग्लंडात परतल्यावर, त्यांच्याच सांगण्याप्रमाणे, सप्टेंबर १९३९मध्ये जवळच्या न्यू फॉरेस्ट भागातल्या एका गुप्त मंडळाने त्यांना दीक्षा दिली. हा युरोपातला ख्रिस्तपूर्व धर्म आहे आणि तो लपूनछपून आजवर टिकला आहे, असं ते म्हणत.

हे उघडपणे लिहिणं तेव्हा सोपं नव्हतं. १७३५चा विचक्राफ्ट कायदा अजून पुस्तकात होता. जादू येते असा दावा करणं हाच त्या कायद्याने गुन्हा. हेलन डंकन या आत्मे बोलावणाऱ्या बाईंना १९४४मध्ये त्याच कायद्याखाली नऊ महिन्यांचा तुरुंगवास झाला होता. १९५१ साली कायदा रद्द झाला आणि १९५४ साली गार्डनरांचं 'विचक्राफ्ट टुडे' आलं. 'विक्का' हा शब्दही जुन्या इंग्रजीतला. तेव्हा त्याचा उच्चार 'विच्चा'च्या जवळ जाणारा होता आणि अर्थ होता जादू करणारा पुरुष. बाई असेल तर 'विच्चे'.

लोक तीन शब्दांचा गोंधळ करतात, मीही करत होते. पेगन हे मोठं छत्र. निसर्गाला पवित्र मानणारे, अनेक देव मानणारे, ख्रिस्तपूर्व परंपरांकडे पुन्हा वळलेले असे कितीतरी पंथ त्याखाली येतात. ड्रुइड आहेत, थॉर आणि ओडिनला मानणारे आहेत (आइसलँडमध्ये त्यांच्या पंथाला १९७३ साली सरकारी मान्यताही मिळाली), लिथुआनियातले रोमुवावाले आहेत. विक्का हा त्यातला एक पंथ. वारकरी सगळे भक्तिमार्गी, पण भक्तिमार्गी सगळे वारकरी नव्हेत, तसं. आणि विचक्राफ्ट हे कसब. मंत्र, जडीबुटी, गंडेदोरे, कौल. विक्कात ते उपासनेचा भाग आहे, पण विक्का न मानणारेही ते करतात, अगदी कुठलाच देव न मानणारेसुद्धा. २०२१च्या जनगणनेत इंग्लंड आणि वेल्समध्ये सुमारे ७४,००० लोकांनी धर्म 'पेगन' लिहिला आणि सुमारे १३,००० लोकांनी 'विक्का'.

'पेगन' हा शब्द लॅटिन 'पेगानस'वरून आला. मूळ अर्थ खेड्यातला माणूस. आपण 'गावंढळ' म्हणतो तीच नजर त्यात आहे.

आता त्या संध्याकाळबद्दल. सणाचं नाव सावन. स्पेलिंग पाहून 'सॅमहेन' वाचाल, पण उच्चार सावन. यांच्या वर्षचक्रात आठ सण आहेत. चार सूर्याचे, म्हणजे दोन अयनं आणि दोन संपात, आणि त्यांच्या मधोमध आणखी चार. सावन हा पूर्वजांचा. शेजारीण निवृत्त नर्स आहे, सत्तरीची. तिने आधीच सांगितलं होतं, गेलेल्या माणसाला आवडायचं ते काहीतरी घेऊन ये. म्हणून आजीसाठी थालीपीठ.

आम्ही नऊ जण होतो. गवत ओलं, बुटांतून पाणी आत येत होतं. तिने काळ्या मुठीच्या सुरीने हवेत आमच्याभोवती वर्तुळ आखलं. या सुरीला अथेमी म्हणतात आणि तिने काही कापायचं नसतं. मग लाकडी ताटलीतलं मीठ पाण्यात घालून ते वर्तुळाच्या कडेने शिंपडलं, पाठोपाठ धूप फिरवला. चार दिशांना तोंड करून पूर्वेला वारा, दक्षिणेला अग्नी, पश्चिमेला जल, उत्तरेला पृथ्वी अशी हाक दिली. फिरायचं ते उजवीकडून, सूर्याच्या वाटेने. आपण प्रदक्षिणा घालतो तसंच.

मग तिने एक सफरचंद घेतलं. आपण देठापासून खाली उभं कापतो, तिने आडवं कापलं. दोन्ही फोडींच्या मधोमध बियांची पाच पाकळ्यांची चांदणी. इतकी वर्षं सफरचंद खातेय, कधी पाहिली नव्हती. ती फोड हातोहात फिरली. रिकाम्या खुर्चीपुढे ताट मांडलेलं होतं. तिच्या नवऱ्याची आवडती बिअर त्यात, माझ्या आजीचं थालीपीठ त्यात. जो तो आपल्या माणसाचं नाव घेत होता. मी "माई" म्हटलं आणि मला रडू आलं. सर्वपित्रीला पान वाढून कावळ्याची वाट बघत बसलेली माझी आजीच मला समोर दिसली.

या बाईला चेटकीण म्हणू? माहीतगारांनी कृपया लिहा. विशेषतः गार्डनर म्हणतात ते खरं का, हा धर्म खरंच तेवढा जुना आहे का?

वाचनवेडा
ताई, फार सुंदर लिहिलंत. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर देतो, या विषयात बरीच वर्षं गुंतलो आहे.

नाही, तो तेवढा जुना नाही. विक्का हा विसाव्या शतकात इंग्लंडात घडलेला नवा धर्म आहे. आज इतिहासकारांत याबद्दल फारसा वाद उरलेला नाही. पण तो जुना असल्याची समजूत कशी तयार झाली ते नीट समजून घेण्यासारखं आहे आणि त्यात आपल्या देशाचे धागेही सापडतात.

मार्गारेट मरे. जन्म १८६३, कलकत्ता. इजिप्तच्या पुरातत्त्वातल्या नावाजलेल्या विदुषी, युनिव्हर्सिटी कॉलेज लंडनमध्ये शिकवत. पहिल्या महायुद्धाने इजिप्तला जाणं बंद झालं आणि त्या युरोपातल्या विच-खटल्यांच्या कागदांकडे वळल्या. १९२१ साली त्यांचं 'द विच-कल्ट इन वेस्टर्न युरोप' आलं. सिद्धांत असा : ज्यांना चेटकिणी म्हणून मारलं त्या एका गुप्त, प्राचीन, शिंगवाल्या देवाच्या धर्माच्या अनुयायी होत्या. १९२९पासून एनसायक्लोपीडिया ब्रिटानिकातला विचक्राफ्टवरचा लेखही त्यांचाच. म्हणजे सामान्य वाचकाला कित्येक दशकं हीच मांडणी प्रमाण म्हणून मिळाली.

चूक कुठे होती? जबाब निवडण्यात. एखाद्या बाईचा छळ करून घेतलेल्या कबुलीत "आम्ही टेकडीवर जमलो, जेवलो, नाचलो" असतं आणि पुढच्याच ओळीत "मग मी उडत परत आले" किंवा "सशाचं रूप घेतलं" असतं. मरेबाई पहिली ओळ उद्धृत करत, दुसरी गाळत. मग उरलेलं वाचून कुणालाही वाटणारच की खरंच एखादी सभा भरत असावी. इतिहासकार नॉर्मन कोन यांनी १९७५ साली मूळ जबाब शेजारी ठेवून हे दाखवलं. पुरावा कसा वाचू नये याचं इतकं स्पष्ट उदाहरण माझ्या पाहण्यात दुसरं नाही.

'विचक्राफ्ट टुडे'ला प्रस्तावना याच मरेबाईंची होती.

दुसरा धागा डोरोथी क्लटरबक. गार्डनर म्हणायचे की मला 'ओल्ड डोरोथी'च्या घरी दीक्षा मिळाली. पुढे १९८०मध्ये एका अभ्यासकाने शंका काढली की अशी बाई मुळात होती तरी का. डोरीन व्हॅलिएंट या गार्डनरांच्या शिष्या, त्यांनी १९५३मध्ये दीक्षा घेतलेली. त्या कामाला लागल्या आणि जन्ममृत्यूच्या नोंदी धुंडाळून बाई शोधून काढली. जन्म १८८० साली हिंदुस्थानात, वडील इथल्या फौजेत अधिकारी, मृत्यू १९५१. बाई होती हे सिद्ध झालं. पण तिच्या मागे राहिलेल्या वह्यांत कविता आणि चित्रं आहेत, विचक्राफ्टचं नावही नाही. बाहेरून पाहता ती चर्चला जाणारी, प्रतिष्ठित, श्रीमंत बाई. तेव्हा न्यू फॉरेस्टमध्ये काही मंडळी जमत असावीत हे शक्य आहे. ती मंडळी पाषाणयुगापासून चालत आली होती, याला आधार नाही.

तिसरा धागा मला सगळ्यात आवडतो. हा सगळा इतिहास ज्यांनी १९९९ साली 'द ट्रायम्फ ऑफ द मून'मध्ये सविस्तर मांडला, त्या रोनाल्ड हटन यांचा जन्म उटीचा, १९५३चा.

हटन विक्काची टर उडवत नाहीत. इंग्लंडने जगाला दिलेला एकमेव पूर्ण घडलेला धर्म, अशा आदराने ते त्याकडे पाहतात. मलाही तेच पटतं. आणि व्हॅलिएंटबाईंबद्दल माझ्या मनात अतोनात आदर आहे. गार्डनरांच्या पोथीतला बराचसा भाग अलेस्टर क्रोली या गूढविद्येवर लिहिणाऱ्या इंग्रज लेखकाच्या लिखाणातून उचललेला आहे हे त्यांनी ओळखलं, गुरूला तोंडावर सांगितलं आणि त्यांच्या परवानगीने तो मजकूर नव्याने लिहिला. देवी स्वतः भक्तांशी बोलते तो विक्कातला सर्वांत लाडका उतारा, 'चार्ज ऑफ द गॉडेस', त्याचं आजचं गद्य रूप त्यांच्या लेखणीतून उतरलेलं आहे. २०१३ साली ब्रायटनमधल्या त्यांच्या राहत्या इमारतीवर निळी स्मृतिपाटी लागली.

भिंगरी
मस्त धागा. बाळबोध प्रश्न आहेत. सैतानाची पूजा करतात का? आणि 'बुक ऑफ शॅडोज' म्हणजे आपल्याकडच्या निळावंतीसारखी पोथी का, वाचली तर वेड लागतं वगैरे?

कृत्तिका२७
वाचनवेडा, आभार शब्द अपुरा आहे. तुमचा प्रतिसाद मी शेजारणीला तोंडी भाषांतर करून सांगितला. तिला हे सगळं माहीत होतं! ती म्हणाली, "माझ्या पिढीला आधी फार लागलं होतं, आता नाही लागत."

भिंगरी, सैतान नाही. सैतान ही ख्रिस्ती धर्मातली कल्पना, यांच्या विश्वात त्याला जागाच नाही. यांची एक देवी आणि एक देव. देवी चंद्राची, वाढत्या, पूर्ण आणि उतरत्या चंद्रासारखी कुमारी, माता, वृद्धा अशी तिची तीन रूपं बरेच जण मानतात. देव शिंगवाला, रानाचा, वर्षाच्या चक्रात जन्मणारा आणि मरणारा. शिंगांमुळे पाहणाऱ्याला सैतान आठवतो, इतकंच. पौर्णिमेला उपासनेसाठी जमतात, त्याला एस्बॅट म्हणतात. आचाराचं मुख्य सूत्र एकच : कुणाला इजा होणार नसेल, तर तुझ्या इच्छेप्रमाणे कर.

बुक ऑफ शॅडोज म्हणजे वही. जुन्या पद्धतीत गुरूच्या वहीतून शिष्याने स्वतःच्या हाताने उतरवून घ्यायची. शेजारणीची मी बाहेरून पाहिली, निळ्या पुठ्ठ्याची, कडेला मेणाचे डाग पडलेली. आत बघायला दिली नाही, दीक्षेची शपथ आहे. गार्डनरांच्या परंपरेत दीक्षेच्या तीन पायऱ्या असतात आणि मंडळ लहान. आज मात्र बहुतेक जण एकटेच, घरच्या घरी करतात. १९८८ साली स्कॉट कनिंगहॅम यांनी एकट्याने विक्का कसं आचरावं यावर पुस्तक लिहिलं, तेव्हापासून ही वाट रुळली.

सातपुड्याचे_गुरुजी
दोन दिवस लिहू की नको करत होतो. कृत्तिकाताई, तुमचा हेतू चांगला आहे, त्या बाईंबद्दल माझ्या मनात काही किंतु नाही. तरी लिहितो.

मी नंदुरबार जिल्ह्यात डोंगरातल्या शाळांवर बावीस वर्षं शिकवलं. एका पाड्यावर शाळेच्या आवारात हातपंप होता. रोज मुलं वर्गात बसली की एक म्हातारी हंडा घेऊन यायची. मुलं बाहेर असली तर बांधावर थांबून राहायची. महिनाभर मला वाटलं, लाजत असेल. मग सातवीतल्या एका मुलाने सांगितलं, "गुरुजी, ती डाकीण आहे, तिला विहिरीवर येऊ देत नाहीत."

तिच्या दिराचा नातू तापाने गेला होता. भगताने सुपात दाणे टाकून पाहिलं आणि तिचं नाव घेतलं. बाई विधवा, मूलबाळ नाही, नवऱ्याच्या नावावर दोन एकर जमीन. पुढचं सांगायला नको. तिच्या हातचं पाणी बंद, तिच्या दारावरून बायका पोरांना पदराआड घेऊन जात. मी आणि आरोग्यसेविका आम्ही दोघं पाड्यावर बसलो, बोललो. पोलीस पाटलांनाही बोलावलं. मारहाण टळली एवढंच. दुसऱ्या पावसाळ्यात ती भावाच्या गावी निघून गेली. जमीन दीर कसतो.

ती जाताना मी हंडा उचलून द्यायला पुढे झालो, तर ती मागे सरली. हंडा जमिनीवर ठेवून बाजूला झाली, मी उचलावा म्हणून. हातातून हातात द्यायची सवयच मोडली होती तिची.

महाराष्ट्राचा जादूटोणाविरोधी कायदा २०१३चा. डॉ. दाभोलकरांनी त्यासाठी किती वर्षं घालवली आणि त्यांचा खून झाल्यावर तो कसा आला, हे इथे सगळ्यांना ठाऊक आहे. अमुक बाई करणी करते, तिच्यामुळे गुरं आटतात असं म्हणून तिचा छळ करणं आता गुन्हा आहे, सहा महिने ते सात वर्षं शिक्षा आहे. झारखंडात २००१चा वेगळा कायदा आहे. तिथल्या छुटनी देवी महातो यांना स्वतःला डायन ठरवून छळलं गेलं होतं, पुढे त्यांनी अशा कितीतरी बायकांना आधार दिला आणि २०२१ साली त्यांना पद्मश्री मिळाली.

तेव्हा विनंती एवढीच. 'चेटकीण' आणि 'डाकीण' हे शब्द तुमच्या शेजारणीला देऊ नका. तिचा अपमान होईल ही गोष्ट वेगळीच. पण हे शब्द अजून आमच्याकडे बायकांच्या अंगावर फेकले जातात. तुमच्याकडे कुणी ते दागिन्यासारखे घातले, तर इकडचा घाव कुणाला दिसणार नाही.

सेलमजवळची
गुरुजी, वाचून सुन्न झाले. हंडा डोळ्यांपुढून जात नाही.

मी मॅसॅच्युसेट्समध्ये सेलमपासून अर्ध्या तासावर राहते. १६९२ साली इथे चेटूक केल्याच्या आरोपावरून एकोणीस जणांना फाशी दिलं आणि जाइल्स कोरी नावाच्या म्हाताऱ्याला दगडांखाली चिरडून मारलं. इथे कुणालाही जाळलेलं नाही, हेही सांगते, कारण सगळीकडे तसंच लिहिलेलं असतं. रिबेका नर्स एकाहत्तर वर्षांच्या होत्या, अंथरुणाला खिळलेल्या, कानाने अधू आणि चर्चमध्ये मान असलेल्या. पेगन तर नव्हत्याच. त्यांना आणि बाकीच्यांना विक्काचे हुतात्मे म्हणणं हा त्यांच्यावर दुसऱ्यांदा अन्याय आहे असं मला मनापासून वाटतं. त्या "मी चेटकीण नाही" म्हणत मेल्या. कबुली दिली असती तर जीव वाचला असता, कारण कबुली देणाऱ्यांना फाशी झालं नाही.

तसाच तो नव्वद लाख बायका जाळल्याचा आकडा. १९७०-८०च्या काळात इथल्या स्त्रीवादी विच-मंडळांत तो फार चालायचा. मुळात तो अठराव्या शतकातल्या एका जर्मन लेखकाने एका गावच्या नोंदींवरून गुणाकार करून काढला होता. आजचे इतिहासकार सगळ्या युरोपात मिळून चाळीस ते साठ हजार म्हणतात. चाळीस हजार माणसं काय कमी आहेत? आकडा फुगवायची गरज पडावी, याचं वाईट वाटतं.

आज सेलमच्या पोलिसांच्या बिल्ल्यावरही झाडूवर बसलेली चेटकीण आहे, ऑक्टोबरमध्ये पाय ठेवायला जागा नसते. मी मात्र पाहुण्यांना प्रॉक्टर्स लेजला नेते. फाशी दिलं ती नेमकी जागा, एका दुकानामागची छोटी खडकाळ चढण. २०१७ साली तिथे अर्धवर्तुळाकार भिंत बांधून एकोणीस नावं कोरली. शेवटची निर्दोष घोषणा तर २०२२ची आहे, एलिझाबेथ जॉन्सन ज्युनियरची, आणि ती घडवून आणली इथल्या आठवीतल्या मुलांनी आणि त्यांच्या बाईंनी पाठपुरावा करून.

दुसरी बाजूही सांगायला हवी, कारण आजच्या विक्कन लोकांनाही सोसावं लागलंय. पॅट्रिक स्टुअर्ट हा अमेरिकी सैन्यातला सार्जंट २००५ साली अफगाणिस्तानात मारला गेला. धर्माने विक्कन. सैनिकांच्या स्मृतिशिळांवर धर्मचिन्ह कोरतात, त्या मंजूर यादीत तीसहून जास्त चिन्हं होती, पण विक्कनांची वर्तुळातली चांदणी नव्हती. त्याची पत्नी रॉबर्टा दीड वर्षाहून जास्त काळ भांडली. खटला झाला आणि एप्रिल २००७मध्ये सरकारने ते चिन्ह मान्य केलं. कृत्तिका, तुझ्या सफरचंदातली चांदणी ती हीच.

कौल_प्रसाद
गोव्यातून लिहितोय. पेडण्याकडचा आहे. वाचताना सारखं वाटत होतं की आमच्याकडे हे सगळं जिवंतच आहे. सातेरी म्हणजे रोयण, वारूळ. मूर्ती नंतर आली, मुळात देवी मातीची, वाळवीने उभारलेली. देवराईतलं लाकूड तोडायचं नाही. वर्षातून एकदा राखणदाराला रोट. युरोपातल्या लोकांनी जे हरवलं आणि आता शोधतायत, ते आमच्या गावकऱ्यांनी सोडलंच नाही. मग आम्हीही पेगनच नव्हे का?

वाचनवेडा
कौल_प्रसाद, हा मोह मलाही झाला होता. युरोपातले बरेच पेगन हिंदूंना भावंडं मानतात, त्यामागे प्रेमच असतं. पण एक फरक डोळ्याआड करू नये असं मला वाटतं. तुमची सातेरी ही गावाची आहे. तिच्यापुढे कौल लावण्याचा मान कुणाचा, पालखीला खांदा कुणाचा, नारळ आधी कुणाचा, कुणाला कुठवर प्रवेश, हे सगळं ठरलेलं आहे आणि त्यात जातीपातीचं चांगलं-वाईट सगळं आहे. जन्माने मिळतं, निवडून मिळत नाही. विक्का नेमकं उलट आहे. माणूस तो मोठेपणी, विचार करून निवडतो. शेजारणीचे आईवडील बहुधा चर्चला जाणारे असणार. आणि विक्कात बाईचं स्थान मुळात पुजारिणीचं. वर्तुळ तीच आखते. आपल्या किती गावदेवींच्या गाभाऱ्यात बाईला जाता येतं?

कौल_प्रसाद
खरंय. माझी आई त्या देवळाच्या पायऱ्या सारवत आली आहे चाळीस वर्षं. आत कधी गेलेली नाही. यावर विचार करतो.

उलटा_ऋतू
मेलबर्नहून एक छोटी भर. इथले पेगन चक्र उलटं फिरवतात. तुमचा सावन ऑक्टोबरअखेर, यांचा एप्रिलअखेर, कारण इथे पानगळ तेव्हा. काही जण फिरण्याची दिशाही बदलतात, कारण इथे सूर्य उत्तरेकडून जातो. दुकानांत हॅलोविनचे भोपळे ऑक्टोबरमध्येच येतात, तेव्हा इथे झाडांना कोवळी पालवी असते. मला हा हट्ट फार आवडला. सण पंचांगावर नाही, अंगणातल्या झाडावर ठरतो.

म्हणूनच महाराष्ट्रात कुणी विक्काचं चक्र जसंच्या तसं पाळू लागलं तर ते मला पोकळ वाटेल. आपलं वर्ष पावसावर फिरतं. मृग, पोळा, घटात पेरलेलं धान, नवान्न. इंग्लंडात अंधार वाढायला लागतो तेव्हा आपल्याकडे नुकतं पीक घरात आलेलं असतं.

विवेक_वाटे
सगळं वाचलं, माहिती चांगली आहे. पण स्पष्ट बोलतो. मीठ शिंपडून आणि सुरी फिरवून काही होत नाही. आपण एकीकडे भगताला विरोध करणार आणि दुसरीकडे गोऱ्या बाईने तेच केलं की कौतुक करणार, हे पटत नाही. शिवाय माझी पुतणी कॉलेजात आहे. तिने समाजमाध्यमांवर बघून 'विच किट' मागवलं. स्फटिक, मेणबत्त्या, वाळलेला पाला, अडीच हजार रुपये. परीक्षेसाठी मंत्र करते.

कृत्तिका२७
विवेकदादा, तुमचा आक्षेप मला मान्य आहे. मीठ शिंपडल्याने जगात काही बदलतं असं मीही मानत नाही. शेजारणीला विचारलं होतं, तर म्हणाली, "तीस वर्षं वॉर्डात काम केलंय. ताप मंत्राने उतरत नाही, औषधाने उतरतो. मंत्र माझ्यासाठी असतो, रात्रपाळी संपवून घरी आल्यावर." सगळेच असं म्हणणार नाहीत, जादू खरंच घडते असं मानणारेही पुष्कळ आहेत. पण तिने कुणाला बोट दाखवून गुन्हेगार ठरवलेलं नाही, कुणाकडून पैसे घेतलेले नाहीत. आपला कायदाही साध्या उपासनेला हात लावत नाही, फसवणुकीला आणि छळाला लावतो.

किटबद्दल तर तिचा तुमच्याहून जास्त संताप आहे. २०१८ साली अमेरिकेत एक अत्तराची कंपनी असंच किट बाजारात आणणार होती, विच मंडळींनीच आरडाओरडा केला आणि कंपनीने माघार घेतली. त्यातला पांढरा सेज, म्हणजे जाळून धूर करतात ती सुगंधी वनस्पती, तिथल्या आदिवासी जमातींना पवित्र आहे, तो ओरबाडला जातोय हेही एक कारण होतं. पुतणीला सांगा, वही विकत नाही मिळत, लिहावी लागते.

प्राजक्ता_भाषा
मूळ प्रश्न शब्दाचा होता, म्हणून थोडं. 'डाकीण' हा शब्द 'डाकिनी'वरून आला. वज्रयान बौद्धांत डाकिनी पूजनीय आहे, ज्ञान देणारी. 'जखीण' म्हणजे यक्षिणी. एकेकाळी देव्हाऱ्यात बसलेल्या या बायका आपल्या भाषेत भुताटकीच्या कोपऱ्यात कशा गेल्या हा स्वतंत्र विषय आहे.

इंग्लंडातल्या खेड्यांतही दोन वेगळी माणसं होती. 'विच' म्हणजे जिच्यावर आळ घ्यायचा ती, आणि 'कनिंग फोक' म्हणजे औषध देणारे, हरवलेली वस्तू सांगणारे जाणकार. आजची विक्का कामाने या दुसऱ्यांच्या जवळ आहे, नाव मात्र पहिलीचं घेतलंय. कोकणात 'जाणती' म्हणतात. तो शब्द चालेल का?

सातपुड्याचे_गुरुजी
प्राजक्ताताई, शब्द गोड आहे. पण दाणे टाकून नाव घेणारा आमच्याकडचा भगत, तोही जाणताच म्हणवतो.

वाचनवेडा
आणि इंग्लंडातही अगदी तेच. गाय आटली की लोक कनिंग फोककडे जायचे, आणि कुणी केलं ते तेच सांगायचे.

कृत्तिका२७
हे मला माहीत नव्हतं. काल चहाला शेजारीण आली होती, तेव्हा तिला गुरुजींची हंड्याची गोष्ट सांगितली. गुरुजी, तुमची परवानगी न घेता सांगितली, क्षमा असावी. ती बराच वेळ कपाकडे बघत बसली. म्हणाली, की ती तरुण असताना मैत्रिणींनी 'विच' हा शब्द मुद्दाम निवडला, मारल्या गेलेल्या बायकांच्या बाजूने उभं राहायचं म्हणून. "पण आमच्याकडे त्या बायका तीनशे वर्षांपूर्वी मेल्या होत्या. तुमच्याकडे ती पंपावर उभी आहे." मग तिने विचारलं, त्या आजींचं नाव काय?

गुरुजी, सांगायचं नसेल तर नका सांगू.

रात्री आईला फोन केला. म्हटलं, ती विक्का पंथाची आहे, जशी तू दत्तसंप्रदायाची. आई म्हणाली, "मग सरळ तसंच सांगायचं ना. थालीपीठ आवडलं का तिला?"

सातपुड्याचे_गुरुजी
नाव इथे लिहीत नाही, माणसं ओळखतील. तुम्हाला व्यक्तिगत संदेशात पाठवलं आहे. त्या भावाच्या गावी आहेत अजून. दिवाळीनंतर जाऊन आलो. पाणी दिलं मला, हातात.